कुणाच्या हातचं?

मी चौथी-पाचवीत असेन. आत्याला दवाखान्यात दाखवायला वडील नांदेडला निघाले होते आणि मलाही सोबत घेतलं. दुपारी डॉक्टर जेवायला गेलेले, दोन तास काहीच काम नव्हतं म्हणून हुजूर साहिबला, तिथल्या मोठ्या गुरुद्वाऱ्यात, गेलो, दर्शन झालं आणि सगळे चाललेत म्हणून आम्हीही लंगरमध्ये, म्हणजे तिथल्या सगळ्यांसाठीच्या जेवणाच्या पंगतीत, जाऊन बसलो. डोक्याला केशरी रुमाल, पाय उघडे, जमिनीवर लांबच्या लांब पट्ट्या अंथरलेल्या आणि पुढ्यात खणांचं स्टीलचं ताट. सेवादार टोपली घेऊन "प्रशादा जी, प्रशादा जी" करत आला. वडिलांनी सवयीने उजवा हात पुढे केला, तर तो थांबला. बोलला काहीच नाही, नुसता वाकून हसत उभा राहिला. समोरच्या एका म्हाताऱ्या बाईने ओंजळ करून दाखवली तेव्हा वडिलांच्या लक्षात आलं, त्यांनी दोन्ही तळहात पसरले आणि मग गरम पोळी ओंजळीत पडली. माझे वडील गावातल्या कुठल्याही कार्यात पहिल्या पंगतीला बसणारे, ओंजळ पसरून त्यांनी कुणाकडून काही घेतलेलं मी तोवर बघितलंच नव्हतं. त्यांच्या डाव्या बाजूला एक माणूस बसला होता, त्याचं भंगाराचं पोतं आत येताना मी बाहेर बघितलं होतं. त्याचा गुडघा वडिलांच्या गुडघ्याला लागत होता. वडिलांनी पाय जरा आवळून घेतला, पण पलीकडे सरकायला जागाच नव्हती, मग राहू दिला तसाच.

गावी आल्यावर वडील कितीतरी दिवस सांगत होते, काय ती डाळ, काय ती खीर, पोटभर वाढतात आणि एक पैसा घेत नाहीत. ओंजळीचं आणि गुडघ्याचं कुणाला सांगितलं नाही. मीही नाही सांगितलं. पण आज इतक्या वर्षांनी मला वाटतं की लंगरमध्ये जे काही होतं ते त्या ओंजळीत आणि त्या गुडघ्यातच होतं, आणि आपण मराठी लोक शीख धर्माबद्दल जेव्हा बोलतो तेव्हा नेमकं तेवढंच वगळून बोलतो.

बघा ना, कुठे पूर आला, भूकंप झाला की शिखांच्या लंगरचे फोटो आपण एकमेकांना पाठवतो. २०२० च्या लॉकडाऊनमध्ये यवतमाळ जिल्ह्यात करंजीजवळ हायवेवर शिखांचा लंगर चालू होता, पायी घरी निघालेले मजूर, ट्रक ड्रायव्हर, सगळ्यांना तिथे गरम जेवण मिळत होतं, बाकी सगळे ढाबे बंद असताना. २०२१ मध्ये दुसऱ्या लाटेत दिल्लीच्या बाजूला ऑक्सिजनचेही लंगर लागले. अमृतसरहून नांदेडला येणाऱ्या सचखंड एक्स्प्रेसमधून कुणी आलं असेल तर त्यांना विचारा, वाटेतल्या काही स्टेशनांवर लोक बादल्या घेऊन उभे असतात आणि खिडकीतून डब्यात भाजी ओततात. हे सगळं खरं आहे आणि त्याचं कौतुक करावं तेवढं थोडंच. पण आपण त्याला लगेच "अन्नदान" म्हणतो आणि तिथेच आपलं चुकतं.

अन्नदान आपल्याकडे कमी आहे का? शेगाव बघा, शिर्डी बघा, वारीच्या वाटेवर गावोगावी वारकऱ्यांना जेवू घालतात ते बघा. मराठी माणूस वाढायला कधीच कंजूस नव्हता. आणि जातीनेही वाढायला कधी मनाई केली नव्हती, उंबऱ्याबाहेर उभ्या असलेल्याच्या पदरात वरून भाकरी टाकायला तर अजिबातच नाही. जातीची खरी मेख घेण्यात आहे. कुणाच्या हातचं पाणी प्यायचं, कुणाच्या चुलीवरचं खायचं, खाताना शेजारी कोण असलेलं चालतं. आपल्या भाषेत पंगत हा शब्द आहे आणि त्याला चिकटून पंक्तिभेद हाही शब्द आहे, पंक्तिप्रपंचही आहे, म्हणजे पंगत म्हटलं की भेद येणारच हे आपल्या भाषेलाही माहीत होतं. शिखांनी हाच पंगत शब्द घेतला आणि त्याचा उलटा अर्थ केला.

आणि मला वाटतं शीख धर्माची जी वैश्विक शिकवण वगैरे आपण म्हणतो, ईश्वर एक आहे, सगळी माणसं सारखी, सरबत दा भला म्हणजे सगळ्यांचं भलं होवो, ती सगळी शिकवण या एका प्रश्नावर येऊन उभी राहते की तू कुणाच्या हातचं घेतोस. सगळी माणसं सारखी हे वाक्य प्रत्येक धर्मात कुठेतरी सापडतंच. वाक्याने काही होत नाही. शिखांच्या गुरूंचं मोठेपण मला यात दिसतं की त्यांनी ते वाक्य उचललं आणि त्याची रोजची सवय बनवली, हाताची, गुडघ्याची, जिभेची.

गुरू नानकांची (जन्म १४६९) ती गोष्ट जन्मसाखीत, म्हणजे त्यांच्या आयुष्यावरच्या जुन्या कथांमध्ये, येते, सैदपूरची. तिथे ते लालो नावाच्या सुताराकडे उतरले, त्याच्याकडची जाडीभरडी भाकरी खाल्ली, आणि गावचा बडा अधिकारी मलिक भागो याच्या मेजवानीला गेले नाहीत. भागोने जाब विचारला, तेव्हा म्हणे नानकांनी एका हातात लालोची भाकरी आणि दुसऱ्या हातात भागोचं पक्वान्न घेऊन पिळलं, एकातून दूध आलं आणि एकातून रक्त. चमत्कार तुम्ही माना, नका मानू. मला त्यातली साधी गोष्ट महत्त्वाची वाटते की खत्री घरातला, शिकलेला, नवाबाच्या कोठारात हिशेब सांभाळलेला माणूस सुताराच्या घरी जेवला आणि जिथे सगळे जेवायला धडपडत होते तिथे गेला नाही. किरत करो, वंड छको, कष्ट करून कमवा आणि वाटून खा, हे जे सांगतात ते इथून सुरू होतं. अन्न कुणाच्या जातीने बाटत नाही, बाटलंच तर दुसऱ्याला लुबाडून कमावल्याने बाटतं.

पुढे दुसरे गुरू अंगद यांची पत्नी माता खीवी, यांनी लंगर असा सांभाळला की गुरू ग्रंथ साहिबमध्ये त्यांच्या तुपातल्या खिरीचा नावासकट उल्लेख आहे. कुठल्या धर्मग्रंथात खीर वाढणाऱ्या बाईचं नाव येतं? तिसरे गुरू अमरदास यांच्या काळात नियम झाला, पहिले पंगत मग संगत, आधी जमिनीवर सगळ्यांच्या रांगेत बसून जेवायचं आणि मगच गुरूंना भेटायचं. परंपरा सांगते की अकबर बादशहा भेटायला आला तोही आधी पंगतीत बसला. जेवण शाकाहारी ठेवलं ते कुणालाही बसता यावं म्हणून. आणि कडाह प्रसाद, तो गव्हाच्या पिठाचा शिरा, पीठ तूप साखर सारख्या मापाने घ्यायचं, एकाच कढईतून द्यायचा आणि दोन्ही हात जोडून ओंजळीत घ्यायचा, तो कुणी केला हे विचारायची सोयच ठेवलेली नाही.

पण या सगळ्याच्या वरची गोष्ट १६९९ ची आहे आणि ती आपण अर्धीच सांगतो. बैसाखीला आनंदपूर साहिबमध्ये गुरू गोबिंदसिंगांनी तलवार उपसून शीर मागितलं, एकेक करून पाच जण उठले, पंज प्यारे, त्यांना खंड्याने ढवळलेलं अमृत दिलं आणि खालसा, म्हणजे अमृत घेतलेल्या शिखांचा पंथ, झाला, इथपर्यंत सगळ्यांना माहीत असतं. कोण होते ते पाच? लाहोरचे दयाराम खत्री, हस्तिनापूरचे धरमदास जाट, जगन्नाथपुरीचे हिंमतराय पाणी भरणारे, द्वारकेचे मोहकमचंद छिपे म्हणजे कापड छापणारे, आणि बिदरचे साहिबचंद न्हावी. बिदर म्हणजे आमच्या मराठवाड्याला लागूनच. आता पुढचं ऐका. या पाचांना अमृत दिल्यावर गुरू स्वतः त्यांच्यापुढे हात जोडून उभे राहिले आणि म्हणाले, आता तुम्ही मला द्या. आणि त्याच बाट्यातलं, म्हणजे भांड्यातलं, अमृत या पाचांच्या हातून गुरूंनी घेतलं. न्हाव्याच्या हातून, पाणक्याच्या हातून. द्यायचं काम तर कुठलाही मोठा माणूस करतो. गुरूने वाकून घेतलं, आणि मला विचाराल तर खालसाचा जन्म त्या घेण्याच्या क्षणी झाला.

ग्रंथाचंही तेच. १६०४ मध्ये पाचव्या गुरूंनी, अर्जनदेवांनी, भाई गुरदासांच्या हस्ताक्षरात आदि ग्रंथ लिहून घेतला, तोच पुढे गुरू ग्रंथ साहिब झाला. स्वतःच्या धर्माचा मुख्य ग्रंथ करताना त्यात काय घातलं? स्वतःची आणि आधीच्या चार गुरूंची बाणी, म्हणजे पदं, तर घातलीच, पण बरोबरीने कबीर विणकर, रविदास चर्मकार, शेख फरीद मुसलमान सूफी, सैन न्हावी, सधना कसाई आणि आपले नामदेव शिंपी. वेगळं परिशिष्ट करून मागे टाकलं नाही, त्याच रागांमध्ये, त्याच पानांवर. आज १४३० पानांच्या त्या ग्रंथासमोर, तिथे पानाला अंग म्हणतात, जो कुणी डोकं टेकवतो तो चर्मकाराच्या आणि विणकराच्या शब्दांसमोर टेकवतो, त्याची स्वतःची जात कुठलीही असो. म्हणजे इथेही तेच, कुणाच्या हातचं घेतलं.

आता नामदेवांकडे येते, कारण मला खरं बोलायचंय ते आपल्याबद्दल. नामदेवांची ६१ पदं गुरू ग्रंथ साहिबमध्ये आहेत हे आपण छाती फुगवून सांगतो. २०१५ मध्ये पंजाबातल्या घुमानला मराठी साहित्य संमेलन भरलं तेव्हा तर किती लिहिलं गेलं, मराठीचा झेंडा पंजाबात, आपले संत पंजाबात वगैरे. सांगावंच. पण त्या ६१ पदांमध्ये नामदेव काय म्हणतात ते कितीजणांनी वाचलं? त्यातलं एक पद आहे, राग भैरवमधलं. नामदेव म्हणतात, हसत खेळत तुझ्या देवळात आलो, भक्ती करत होतो, तर नाम्याला धरून उठवलं. माझी जात हीन आहे, यादवराया, मला छिप्याचा जन्म का दिलास? मग ते आपलं कांबळं उचलतात आणि देवळाच्या मागे जाऊन बसतात. आणि जसजसा नामा हरीचे गुण गातो तसतसं देऊळ त्याच्याकडे तोंड करून फिरतं.

हे कांबळं मला फार छळतं. इतका मोठा संत, आणि अंगाखालचं कांबळं गोळा करून मागे जाऊन बसतोय. भांडला नाही, आरडाओरडा केला नाही, कांबळं उचललं.

आमच्याकडे सगळ्यांना ही कथा माहितीय, औंढा नागनाथची म्हणून सांगतात, तिथे नंदी देवळाच्या मागच्या बाजूला आहे तो देऊळ फिरल्यामुळेच असंही सांगतात. नामदेवांचं नरसी तिथून जवळच. पण आपण सांगताना देऊळ फिरलं हा चमत्कार सांगतो आणि धरून उठवलं ते भरभर उरकून टाकतो. कुणी उठवलं, का उठवलं, उठवणाऱ्यांचं पुढे काय झालं, कुणी विचारत नाही. शिखांनी मात्र ती तक्रार जशीच्या तशी, जातीच्या उल्लेखासकट, आपल्या ग्रंथात ठेवली आणि चारशे वर्षं तिच्यासमोर माथा टेकवतायत.

आणि जागा बघा. औंढ्याहून नांदेड दीड तासाच्या अंतरावर. १७०८ मध्ये गोदावरीच्या काठी, नांदेडला, गुरू गोबिंदसिंगांनी सांगितलं की आता यापुढे माणूस गुरू होणार नाही, ग्रंथच गुरू. म्हणजे ज्या मुलखात नामदेवांना देवळातून उठवलं, त्याच मुलखात त्यांच्या शब्दांना गुरूच्या गादीवर बसवलं गेलं. मधे पंजाबचा एवढा मोठा वळसा पडला आणि चारशे वर्षं गेली. नांदेड-हिंगोली एसटीने जाताना हे मनात आलं की मला खिडकीबाहेर काही दिसेनासं होतं.

आता कुणी म्हणेल, पंजाबात काय जात नाही का? आहे. खोटं कशाला बोलायचं. २०११ च्या जनगणनेत पंजाबात अनुसूचित जातींचं प्रमाण जवळपास ३२ टक्के होतं, देशातल्या राज्यांमध्ये सगळ्यात जास्त, आणि तिथल्या कितीतरी गावांत जाटांचा गुरुद्वारा वेगळा, मजहबी म्हणजे दलित शिखांचा वेगळा, स्मशानही वेगळं. गुरू नानकांनी लिहिलं की जिच्या पोटी राजे जन्मतात तिला वाईट कसं म्हणायचं, आणि तरी आज हरमंदिर साहिबच्या, म्हणजे अमृतसरच्या सुवर्णमंदिराच्या, आत बायकांना कीर्तनाची सेवा मिळत नाही, बायका ती मागतायत. याने शिकवण खोटी ठरते का? मला नाही वाटत. पण "शीख धर्मात जात नाही" असं बिनधास्त लिहून मोकळं होणाऱ्यांना मी हे मुद्दाम सांगते, कारण असं लिहिणं हा शिकवणीचा अपमान आहे. ज्या गोष्टीसाठी रोज झगडावं लागतं ती झालीच आहे म्हणणं म्हणजे झगडणाऱ्यांना एकटं पाडणं.

आणि झगडा झालाय. १९२० च्या ऑक्टोबरमध्ये, अमृतसरमध्ये, ज्यांना खालच्या जातीचे म्हणत अशा नुकतंच अमृत घेतलेल्या लोकांनी कडाह प्रसाद घेऊन हरमंदिर साहिब गाठलं. पुजाऱ्यांनी तो त्यांच्या हातून घ्यायला नकार दिला. खुद्द तिथे, जिथे चार दिशांना चार दारं ठेवली आहेत सगळ्यांसाठी! वाद झाला, शेवटी ठरलं की ग्रंथ उघडायचा आणि जे पान येईल तो हुकूम. पान उघडलं ते गुरू अमरदासांचं, ज्यांच्यात गुण नाहीत त्यांनाही तो स्वतःहून क्षमा करतो आणि सद्गुरूंच्या सेवेला लावतो, अशा अर्थाचं. प्रसाद घ्यावा लागला. तिथून ते सगळे समोरच्या अकाल तख्तावर, शिखांच्या सर्वोच्च धर्मपीठावर, गेले तर तिथले पुजारी जागा सोडून निघून गेले होते. त्याच वर्षी पुढे शिरोमणी गुरुद्वारा प्रबंधक कमिटी स्थापन झाली आणि महंतांच्या हातून गुरुद्वारे सोडवायची चळवळ पेटली, १९२५ मध्ये कायदा झाला. एवढ्या मोठ्या चळवळीच्या तोंडाशी एक कढई शिरा आहे आणि तोच प्रश्न, कुणाच्या हातचा.

आपल्याकडे त्यानंतर सातच वर्षांनी, १९२७ ला, महाडला तेच झालं, तिथे शिरा नव्हता, पाणी होतं. बाबासाहेबांनी १९३५ ला येवल्यात हिंदू म्हणून मरणार नाही असं जाहीर केल्यावर शीख धर्माचा खरोखर गंभीरपणे विचार केला होता, १९३६ मध्ये ते अमृतसरला शिखांच्या परिषदेला गेले, घरच्या मुलांना तिथे पाठवलं, मुंबईत माटुंग्याचं खालसा कॉलेज १९३७ ला सुरू झालं त्यामागेही तोच संबंध आहे. पुढे वाट वेगळी झाली, १९५६ ला नागपूरला धम्म स्वीकारला, कारणं बरीच होती. पण एवढ्या कठोरपणे पारखणाऱ्या माणसाने ज्या धर्माकडे वर्षभर तरी आशेने बघितलं त्या धर्माला आपण नुसतं "काय मस्त लंगर असतो" एवढ्यात गुंडाळू नये.

म्हणून माझं म्हणणं साधं आहे. शीख धर्माबद्दल आदर असेल तर तो आपल्या गावच्या पंगतीत दिसू दे. आमच्या भागात गावोगावी अखंड हरिनाम सप्ताह होतो. सात दिवस पारायण, कीर्तनं, शेवटच्या दिवशी काल्याचं कीर्तन आणि महाप्रसाद. आमच्या गावात भाकरी घराघरातून यायची. प्रत्येक घराला सांगितलेलं असायचं, तुमच्याकडून पन्नास, तुमच्याकडून शंभर, आणि सकाळपासून पोरं टोपल्या घेऊन गल्लोगल्ली फिरायची, मीही फिरलेय, फडक्यात बांधलेल्या गरम भाकऱ्यांची चळत डोक्यावर घेऊन, वास अजून आठवतो. पण गावाच्या एका टोकाच्या घरांकडे टोपली जायची नाही. त्यांच्याकडून वर्गणी घ्यायचे. जळण फोडून घ्यायचे, मांडवाचे खड्डे खणून घ्यायचे. पैसे चालत, घाम चालत होता, भाकरी चालत नव्हती. जेवायला तेही यायचे, कुणी हाकललं नाही, वाढायचेही भरपूर. म्हणून तर गावातला कुणीही माणूस शपथेवर सांगेल की आमच्याकडे भेदभाव नाही, सगळे महाप्रसाद घेतात. आणि त्याला ते खरंच वाटत असतं.

आता बऱ्याच ठिकाणी आचारी लावतात, भाकरी गोळा करायची पद्धत कमी झाली, त्यामुळे प्रश्नच मिटला असं लोक म्हणतात. मिटला नाही, झाकला गेला. आचारी कुठल्या घरचा ठरवला, वाढायला कुणाची पोरं उभी राहिली, भात हातात घेऊन कोण फिरतंय आणि उष्टी काढायला कोण आहे, एवढं जरी एकदा उभं राहून बघितलं तरी कळतं. गुरुद्वाऱ्यात बघा, जोडाघरात लोकांच्या चपला पुसणारा माणूस बाहेर चारचाकीतून आलेला असू शकतो, आणि रोट्या लाटायच्या जागी कुणीही जाऊन बसतं, कोण तू, कुठली तू, कुणी विचारत नाही. ही व्यवस्था उभी करायला पैसा लागत नाही. आपल्याकडे सप्ताह कमिटी आहे, मांडव आहे, कढया आहेत, भक्ती तर आहेच आहे.

आणि वारकऱ्यांनी हे कुणाकडून उसनं घ्यायची गरजच नाही. काला म्हणजे काय असतो? सगळ्या गोपाळांच्या शिदोऱ्या एकत्र कालवायच्या आणि देवाने त्यातलं उष्टं खायचं. नामदेवांच्या लहानपणीची गोष्ट तर आपल्या प्रत्येक पोराला माहीत असते, नैवेद्य घेऊन गेलेला शिंप्याचा मुलगा हट्टाला पेटतो की तू खाल्ल्याशिवाय मी जाणार नाही, आणि विठ्ठल खातो. गुरू ग्रंथ साहिबमध्येही नामदेवांचं असंच पद आहे, वाटीभर दुधाचं, गोविंदा दूध पी म्हणून विनवण्याचं. देव त्याच्या हातचं प्यायला.

आमच्या गावचा सप्ताह या वर्षीही आहे, काल्याच्या दिवशी मी जाणार आहे. या वेळी परत भाकरी गोळा करू या असं मी कमिटीतल्या दोघा-तिघांशी फोनवर बोलले, एकजण लगेच हो म्हणाला, बाकीचे बघू म्हणाले. टोपली घेऊन त्या टोकाच्या घरांकडे मी स्वतः जाईन, तिथल्या एका मावशींना विचारूनही ठेवलंय. त्यांनी आधी विश्वासच ठेवला नाही. मग म्हणाल्या, किती करू? मी म्हटलं, पन्नास. त्या म्हणाल्या, शंभर करते.